स्लिदरमध्ये झूमचं मॉड: चालवून घ्यायचं का?

पोटमाळा:
भाचा सुट्टीला आलाय. शेजारी बसून स्लिदर डॉट आयओ, म्हणजे ब्राउझरमधला तो सापांचा ऑनलाइन खेळ, खेळत होतो. त्याने माउसचं चाक मागे फिरवलं आणि त्याचा साप गांडुळाएवढा झाला, मैदान मात्र माझ्या तिप्पट दिसायला लागलं. टॅम्परमंकीत (ब्राउझरमध्ये बाहेरच्या स्क्रिप्ट चालवणारं एक्स्टेंशन) मॉडची, म्हणजे खेळात फेरफार करणारी, स्क्रिप्ट टाकलीय म्हणे. वर, "मामा, सगळेच वापरतात."

अरे, खेळाची सगळी गंमतच त्या छोट्या खिडकीत आहे! डोकं दुसऱ्याच्या अंगाला लागलं की खलास, मग लांबी २०,००० असो नाहीतर १०. साप वाढेल तशी नजर खेळच लांबवतो. ती कमवायची असते. पहिल्या मिनिटाला फुकट घेतली तर ती लबाडी.

चिंगी_लॅगवाली:
लबाडी म्हणणं सोपंय, काका. माझा लॅपटॉप २ जीबीचा. मॉडने मागची षटकोनी नक्षी काढली, चकाकी घालवली, तेव्हा कुठे साप सरळ चालायला लागला. आधी मी आत्ता वळवायचे, तो मागाहून वळायचा, तोवर मी धडकून मेलेली, माझे दाणे होऊन लोक खातायत. तुमचं भारी मशीन चालतं, माझं मॉड नाही?

पोटमाळा:
नक्षी काढ की, कोण नको म्हणतंय! मी झूमबद्दल बोलतोय.

चिंगी_लॅगवाली:
एकाच स्क्रिप्टमध्ये दोन्ही येतं. आणि चाक बोटाखालीच असतं. बरं, फिरवते मी पण.

कोडभट:
झूम म्हणजे ब्राउझरमधल्या जावास्क्रिप्टचा एक आकडा, जीएससी नावाचा. सर्व्हर आजूबाजूचं जेवढं पाठवतो तेवढंच दिसतं, जादू नाही. २०१६ मध्ये खेळ आला, त्याच वर्षी मॉडंही आली. खरा वैताग वेगळा आहे. मॉडमध्ये सर्व्हरचा पत्ता दिसतो, मग चौघं ठरवून एकाच मैदानात उतरतात आणि एकट्याला घेरतात. त्यावर बोला. झूमचं काय, दार उघडंच आहे.

पोटमाळा:
दार उघडं म्हणून शिरायचं? समोरच्याच्या चष्म्यात त्याचे पत्ते दिसले तर आपण मान वळवतो ना?

कोडभट:
गणपतीत आमच्याकडे रमीला या एकदा. मान वळवणारा दाखवा, पहिला डाव तुमचा.

पोटमाळा:
असो. भाचा उद्या झूम बंद ठेवायला तयार झालाय. अट एकच: घरात माउस एक आहे, तो त्याचा. मामाने टचपॅडवर खेळायचं.