मदत हवी आहे: ऑफिस २००७ काढायचंय, पण जुन्या मराठी फायलींचं काय?

नमस्कार मंडळी. चोपडा तालुक्यातल्या एका पतसंस्थेत तीन कॉम्प्युटरवर अजून मायक्रोसॉफ्ट ऑफिस २००७ आहे. त्याचा सपोर्ट ऑक्टोबर २०१७ मध्येच संपला. खरी भीती इक्वेशन एडिटरची (ऑफिसमधल्या गणिती सूत्रं लिहायच्या भागाची) आहे: त्यातल्या त्रुटीमुळे ईमेलवर आलेली आरटीएफ फाइल (वर्डमध्ये उघडणारा एक प्रकार) नुसती उघडली तरी व्हायरस शिरू शकतो, मॅक्रो (फाइलमध्येच दडलेले छोटे प्रोग्राम) बंद असले तरीही. शिवाय २००७ मध्ये प्रोटेक्टेड व्ह्यू (बाहेरून आलेली फाइल आधी फक्त वाचण्यापुरती उघडायची सोय) नाही, तो २०१० पासून आला. अँटिव्हायरस आहे ना, म्हणून हे चालवून घेणं मला पटत नाही. इथे सभासदांची खाती आहेत.

लिब्रेऑफिस (ऑफिसला मोफत पर्याय) टाकून पाहिलं. एक्सेल ठीक उघडतं. अडतंय ते कर्ज मागणी अर्जात: कृतिदेव या जुन्या, युनिकोड नसलेल्या फॉन्टमधली डॉक फाइल, टेबलचे रकाने सरकतात आणि अर्धा अर्ज दुसऱ्या पानावर जातो.

कृतिदेवचं युनिकोड (कुठल्याही कॉम्प्युटरवर मराठी वाचता येणारी पद्धत) करणारं, इंटरनेटशिवाय चालणारं आणि टेबल न मोडणारं काही कुणी वापरलंय का? सभासदांची माहिती ऑनलाइन कन्व्हर्टरमध्ये टाकायची नाही. तोवर एकाच कॉम्प्युटरवर २००७ ठेवून नेटची वायर काढली, तर पेनड्राइव्हचं काय करावं?