मदत हवी आहे: आनाबेल एर्नांदेसचं ‘नार्कोलँड’ कसं वाचावं?

नमस्कार मंडळी,

मेक्सिकोतल्या ड्रग टोळ्या आणि सरकार यांच्या साटंलोट्यावरचं हे पुस्तक. मूळ स्पॅनिश २०१० सालचं, मी वाचतेय तो २०१३चा इंग्रजी अनुवाद. निम्म्यावर येऊन अडकलेय.

एक तर नावं. दाऊद, गवळी, नाईक आपल्याला पेपर वाचून तोंडपाठ असतात. इथे सिनालोआ, हुआरेस, तिहुआना या टोळ्या, शिवाय बेल्त्रान लेइव्हा भाऊ आणि आरेयानो फेलिक्स भाऊ. कोण कोणावर कधी उलटलं, दहा पानांनी विसरायला होतं.

पण खरा प्रश्न वेगळाच आहे. सिनालोआ टोळीचा म्होरक्या चापो गुझमान जानेवारी २००१मध्ये पुएन्ते ग्रांदे तुरुंगातून धुण्याच्या कपड्यांच्या गाड्यात लपून पळाला, ही सरकारी कथा. बाई म्हणतात, छे, तो पोलिसाच्या गणवेशात, अधिकाऱ्यांच्या संगनमताने बाहेर पडला. यातलं कागदोपत्री किती आणि निनावी खबऱ्याच्या भरवशावर किती? सुरक्षामंत्री गार्सिया लुनावर त्यांनी केलेले आरोप तेव्हा अनेकांना अतिरंजित वाटले असतील. पण २०२३मध्ये न्यूयॉर्कच्या कोर्टात तो सिनालोआकडून लाच घेतल्याबद्दल दोषी ठरला, पुढच्या वर्षी ३८ वर्षांची शिक्षाही झाली. म्हणून बाकीची पानंही खरी मानायची का? कोणी वाचलं असेल तर सांगा. आधी त्यांचं दुसरं काही वाचावं का?

प्रतिसाद:
नावांसाठी १९८५पासून सुरुवात करा. त्या वर्षी अमेरिकेच्या डीईए या अमली पदार्थविरोधी संस्थेचा एजंट कामारेना मारला गेला, अमेरिकेचा दबाव वाढला, १९८९मध्ये ग्वादालाहारा टोळीचा म्होरक्या फेलिक्स गायार्दो पकडला गेला. तिहुआना, हुआरेस, सिनालोआ ही त्यानंतरची वाटणी. वहीच्या मागच्या पानावर वंशावळ काढा, निम्मा गुंता तिथेच सुटतो.

आणि हो, ‘नार्कोलँड’ सध्या बाजूला ठेवून त्यांचंच ‘अ मॅसेकर इन मेक्सिको’ घ्या. एकच गाव, एकच रात्र: इग्वाला, २६ सप्टेंबर २०१४, आयोत्सिनापाच्या शिक्षक महाविद्यालयाचे ४३ विद्यार्थी बेपत्ता. मृतदेह कोकुलाच्या कचरा डेपोत जाळले, हे सरकारचं म्हणणं बाई खोडून काढतात. स्वतंत्र तज्ज्ञांनीही ते नाकारलं होतं. हा भाग भक्कम आहे. मुलांनी ताब्यात घेतलेल्या बसमध्ये हेरॉईन लपवलेलं होतं, ही मांडणी मात्र मुख्यतः एका निनावी माणसाच्या सांगण्यावर उभी आहे. पटण्यासारखी आहे, तरी मी ती वेगळ्या खणात ठेवते. हीच चाळणी मग ‘नार्कोलँड’ला लावा. गार्सिया लुनाच्या निकालाने गार्सिया लुनापुरतंच सिद्ध होतं.

प्रतिसाद:
वरच्या ताईंशी सहमत. एक भर: २०००मध्ये बाईंच्या वडिलांचं अपहरण होऊन खून झाला आणि पोलिसांनी तपासासाठी पैसे मागितले, असं त्या सांगतात. पोलिसांबद्दलचा त्यांचा सूर इतका कडवट का, हे त्यावरून कळतं. मला तो सूर खटकत नाही, पण विशेषणं जास्त झाली की मी तळटीप बघतो. तळटीप नसेल तर पेन्सिलीने प्रश्नचिन्ह.

धागाकर्ती:
दोघांचे आभार. आज १९८५पासून वंशावळ काढायला बसते. इग्वालाचं पुस्तक पुण्यात कुठल्या वाचनालयात मिळेल, कोणाला माहीत आहे का?