स्टुडिओचा पगारी पटकथालेखक: सुखी की वेठबिगार?

बर्डीकर
नागपुरात बसून पटकथा लिहिणाऱ्याचं आजचं गणित सगळ्यांना माहीत आहे. दुरांतोनं मुंबई गाठून कथा ऐकवायची, मानधन हप्त्याहप्त्यानं, आणि शेवटचा हप्ता "शूटिंग लागलं की". शूटिंग लागलंच नाही तर तो बुडाला. माझं मत स्पष्ट आहे: यापेक्षा १९३०-४० मधली स्टुडिओची नोकरी बरी. प्रभात काय, बॉम्बे टॉकीज काय, लेखकाला दरमहा पगार होता. शिवाय कसब सेटवरच घडायचं. प्रभात एकाच सेटवर मराठी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्या काढायची. बोलपटाची फिल्म मिनिटाला ९० फूट पळते, म्हणजे सेकंदाला दीड फूट. हिंदी वाक्य मराठीपेक्षा चार सेकंदांनी लांबलं की सहा फूट जास्त. वर कॅमेऱ्याची ट्रॉली थांबली तरी नट बोलतोच आहे! मग संवाद जागच्या जागी छाटायचा. हे घरी बसून शिकता येत नाही.

महालचे काका
कसब मान्य. मालकी कोणाची, ते सांगा. प्रेमचंद १९३४ मध्ये मुंबईच्या अजंता सिनेटोन या चित्रपट कंपनीकडे वर्षाच्या करारावर गेले, रक्कम आठ हजार रुपये. त्या काळात हा आकडा लहान नव्हे. तरी १९३५ मध्ये बनारसला परत. बंगाली लेखक शरदिंदु बंद्योपाध्याय १९३८ मध्ये बॉम्बे टॉकीजसाठी लिहायला आले. त्यांच्या ब्योमकेश या डिटेक्टिव्हच्या कथा १९३६ पर्यंतच्या, पुढची थेट १९५१ ची. पंधरा वर्षं तो डिटेक्टिव्ह फळीवर.

बर्डीकर
काका, ब्योमकेश थांबला १९३६ ला आणि शरदिंदु मुंबईत आले १९३८ ला. मधल्या दोन वर्षांचा ठपका कोणत्या स्टुडिओवर ठेवता? आणि ते १९५२ पर्यंत मुंबईतच राहिले, कोणी साखळीनं बांधलं नव्हतं.

रीळवाला_धरमपेठ
साखळी बघायची तर हॉलिवूडचा करार वाचा. मुदत सात वर्षं, पण ती फक्त लेखकाला बांधणारी. ठरावीक महिन्यांनी 'ऑप्शन' यायचा: ठेवायचं की काढायचं हे स्टुडिओ ठरवणार, लेखकाला मधेच सुटता येत नाही. वर बिनपगारी 'लेऑफ'चे आठवडे. एका पटकथेवर चार-पाच जण एकामागून एक बसवायचे आणि पडद्यावर नाव कोणाचं तेही स्टुडिओच सांगणार. आता ऑप्शनच्या वेळी पगारवाढ कशावर मागायची? मागच्या श्रेयनामावलीवर. तिथंच नाव गाळलं की वाढ गेली. म्हणून तर १९३३ मध्ये लेखकांनी गिल्ड, म्हणजे स्वतःची संघटना, उभं केलं. स्टुडिओंशी पहिला करार व्हायला १९४२ उजाडलं. त्यात आठवड्याला किमान १२५ डॉलर ठरले खरे, पण खरी कमाई म्हणजे श्रेयाचा निवाडा गिल्डकडे आला.

'कॅसाब्लांका' या हॉलिवूडपटाचंच घ्या. मूळ नाटक रंगमंचावर आलंच नव्हतं. दोन नाटककारांकडून ते स्टुडिओनं २०,००० डॉलरला सगळ्या हक्कांसकट घेतलं. पटकथेचं ऑस्कर तिघांना मिळालं, आणि तिच्यावर काम केलेल्या केसी रॉबिन्सनचं नाव पडद्यावर नाही.

बर्डीकर
ते अमेरिकेचं झालं. नुसत्या नावानं किराणा भेटते का जी?

महालचे काका
उधारीवर भेटते, नाव असलं तर! 'संत तुकाराम' (१९३६) मधलं 'आधी बीज एकले' कित्येकांना आजही तुकोबांचा अभंग वाटतो. लिहिलं प्रभातच्या शांताराम आठवल्यांनी. गाथेत शोभेल असं लिहिणं केवढ्या ताकदीचं काम, आणि त्याची शिक्षा काय, तर लिहिणाराच दिसेनासा.

बर्डीकर
शिक्षा कसली, ती पावती आहे. आणि फेरलेखनाचं काय? महायुद्धात कच्च्या फिल्मची टंचाई झाली तेव्हा सरकारनं चित्रपटाला ११,००० फुटांची मर्यादा घातली. म्हणजे १२२ मिनिटं. साडेतीन मिनिटांचं गाणं ३१५ फूट खातं, आठ गाणी धरली तर २,५२० फूट. कथेला उरली ९४ मिनिटं. तयार पटकथेतून उपकथानक उपसायचं म्हणजे नुसती पानं फाडणं नव्हे. विनोदी नोकर काढला की त्याच्या हातून पोचणारी चिठ्ठीही जाते, मग तो प्रसंग नव्यानं बांधा. पगारी माणसाला त्या महिन्याचा पैसा मिळतो. सुटा लेखक हेच काम "जरा ट्रिम करून द्या ना" या एका फोनवर फुकट करतो.

रीळवाला_धरमपेठ
हा मुद्दा बरोबर, पण त्यावर इलाज नोकरी नव्हे, करारनामा आहे. हप्ता शूटिंगला बांधू नका, खर्डा दिल्याच्या तारखेला बांधा. फेरलेखन किती वेळा ते आकड्यात लिहा. दोन म्हणा, तिसऱ्याचे वेगळे पैसे. श्रेयाचं कलम वेगळं, आणि दुसरा लेखक आणला तरी नाव राहील असं त्यात स्पष्ट हवं. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर थिएटरबाहेरच्या वापराची रॉयल्टी लेखकाला सोडून देता येत नाही. "सर्व हक्क कायमचे" असं छापलेलं दिसलं तर सही करण्याआधी एवढं तरी त्यांना दाखवा.

बर्डीकर
श्रेयाचं कलम मान्य. पगाराचं मत तेच.