हुकूमनाम्याची रक्कम हप्त्यांनी भरता येते का?

रंधा: नमस्कार मंडळी. माझं फर्निचरचं छोटं काम आहे. प्लायवुडची उधारी थकली, व्यापाऱ्याने दावा लावला आणि गेल्या आठवड्यात हुकूमनामा झाला: ३,६०,००० रुपये, वर सहा टक्के व्याज. देणं मला मान्य आहे, अपील करायचं नाही. पण एकरकमी कुठून आणू? महिन्याला पाच हजार भरतो म्हटलं तर कोर्ट ऐकेल का? आणि दोघातिघांनी ‘आत टाकतील’ म्हणून घाबरवलंय, ते खरं का?

भिरभिरा: अर्ज टाका. कोर्ट हप्ते पाडून देतंच, हक्क आहे तुमचा.

जुना_नाझर: हक्क वगैरे काही नाही हो. नोकरीभर दरखास्ती, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीचे अर्ज, हाताळल्यात, म्हणून सांगतो. दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश २०, नियम ११ बघा. हुकूमनामा होतानाच हप्ते मागितले असते, तर पुरेसं कारण पाहून न्यायाधीश ते देऊ शकले असते, वादी नको म्हणाला तरी. कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) किंवा युक्तिवादात तेवढं मागायचं असतं, पण दावा लढवण्याच्या भरात वकील मंडळी हमखास विसरतात.

आता हुकूमनाम्यानंतर मागायचे तर मूळ नियमाप्रमाणे डिक्रीदाराची, म्हणजे ज्याच्या बाजूने हुकूमनामा झाला त्या व्यापाऱ्याची, संमती हवी. उच्च न्यायालयं हे नियम आपल्या हद्दीपुरते बदलू शकतात, तेव्हा वकिलांना दुरुस्त्यांसह छापलेली प्रत उघडायला लावा. अर्जाची मुदत हुकूमनाम्याच्या तारखेपासून ३० दिवस, मुदत कायदा, अनुच्छेद १२६. म्हणजे या आठवड्यातच वकिलांकडे जा.

पाच हजारांचं मात्र विसरा. तुमच्या रकमेवर नुसतं व्याजच महिन्याला १,८०० होतं. पाच हजारांनी फेडायला सात वर्षं पुरणार नाहीत, कोण देईल संमती? आधी बऱ्यापैकी रक्कम कोर्टात भरून दाखवा, मग पंधरा हजारांच्या आसपास हप्ता सुचवा. कामाच्या ऑर्डरी, बँकेचं स्टेटमेंट अर्जाला जोडा. ‘गरीब आहे, दया करावी’ एवढ्यावर काही होत नाही.

कैदेचं म्हणाल तर, निव्वळ ऐपत नाही म्हणून आत टाकत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये जॉली जॉर्ज वर्गीस प्रकरणात हे स्पष्ट केलंय. ऐपत असून टाळलंत किंवा मशिनं मेव्हण्याच्या नावावर केलीत, तर मात्र तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. आणि कैद भोगून आलात तरी देणं तसंच उभं राहतं.

उधारीवाला: मी पलीकडच्या बाजूचा. एका गिऱ्हाइकाला हप्त्यांना संमती दिली होती. बेलीफ घेऊन जप्तीला जायचं, पंच शोधायचे, लिलावात मालाला कवडी यायची, त्यापेक्षा दर महिन्याला पैसे दिसलेले बरे. पण एक हप्ता चुकला की उरलेली सगळी रक्कम एकदम वसूल, ही अट आदेशात घालून घेतली. तुमचा व्यापारीही तेच मागेल. तेव्हा मंदीच्या महिन्यातसुद्धा झेपेल तेवढाच आकडा बोला.

रंधा: आभार सगळ्यांचे. पैसे त्याला परस्पर यूपीआयने पाठवले तर चालतील ना?

जुना_नाझर: बँकेमार्फत देता येतात, पण परस्पर दिलेल्या पैशाची कोर्टात नोंद व्हायला हवी. आदेश २१, नियम २. नोंद नसेल तर दरखास्त चालवणारं कोर्ट ती रक्कम धरतच नाही, मोबाइल कितीही नाचवा. व्यापाऱ्याने पुरसिस दिली, म्हणजे पैसे मिळाल्याचं कोर्टाला लिहून दिलं, तर उत्तम, नाहीतर रक्कम दिल्यापासून ३० दिवसांत तुम्हीच अर्ज करा. त्यापेक्षा कोर्टात भरा आणि पावती जपा. भरल्याची नोटीस मात्र डिक्रीदाराला पाठवा, कारण त्या रकमेवरचं व्याज थांबतं ते नोटीस त्याला बजावल्यापासून, तुम्ही पैसे भरल्यापासून नाही.