नायजेल हॉथॉर्न : सर हम्फ्रीच्या पलीकडे

ब्रिटिश अभिनेते नायजेल हॉथॉर्न म्हणजे केवळ ‘येस मिनिस्टर’ या ब्रिटिश विनोदी दूरचित्रवाणी मालिकेतील बडे सनदी अधिकारी सर हम्फ्री, असे मत मांडले जाते; ते मला अपुरे वाटते. १९८० मध्ये ती मालिका सुरू झाली तेव्हा त्यांनी पन्नाशी गाठली होती. मंत्र्याला पुरते गोंधळात टाकणारी सर हम्फ्रीची ती लांबलचक वाक्ये शेवटच्या शब्दापर्यंत स्वच्छ ऐकू येतात, त्यामागे रंगभूमीवरील दीर्घ उमेदवारी आहे. या भूमिकेने त्यांना चार बाफ्टा (ब्रिटिश चित्रपट-दूरचित्रवाणी पुरस्कार) मिळवून दिले, हे खरेच. परंतु त्यांची खरी ताकद दिसते ती मानसिक आजाराने ग्रासलेला ब्रिटनचा राजा तिसरा जॉर्ज याच्या भूमिकेत. १९९१ मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये साकारलेला हा राजा त्यांनी १९९४ च्या ‘द मॅडनेस ऑफ किंग जॉर्ज’ या चित्रपटातही उभा केला आणि ऑस्करचे नामांकन मिळवले. राजाच्या तोंडचे सवयीचे ‘व्हॉट, व्हॉट’ परतते आणि तो सावरल्याचे कळते, तो प्रसंग अवश्य पाहावा. त्यांचा ‘डिमॉलिशन मॅन’ हा हॉलिवूडपट मात्र वगळला तरी चालेल.