सातोर चौकोनातला ‘आरेपो’ म्हणजे कोण?

प्रश्न : ‘सातोर, आरेपो, तेनेत, ओपेरा, रोतास’ हा पाच शब्दांचा, उलटासुलटा कसाही वाचता येणारा प्रसिद्ध लॅटिन चौकोन देवनागरीत लिहून पाहिला, पण उलटा वाचताच येत नाही. अर्थ तरी काय लावायचा?

उत्तर : ‘चिमा काय कामाची’मध्ये अख्खं अक्षर उलटतं. लॅटिनमध्ये व्यंजन वेगळं, स्वर वेगळा. ‘सातोर’ आपल्या पद्धतीनं फिरवला तर ‘रतोसा’ होणारच! स्वर सुटे मांडा :

स आ त ओ र
आ र ए प ओ
त ए न ए त
ओ प ए र आ
र ओ त आ स

आता आडवा, उभा, खालून वर, कसाही वाचा. सातोर म्हणजे पेरणारा, तेनेत म्हणजे धरतो, ओपेरा म्हणजे काम किंवा मेहनत. रोतास म्हणजे चाकं, तीही कर्म म्हणून आलेली. मूळ शब्द ‘रोता’, आपल्या ‘रथा’चा सख्खा नातलग. एकूण ‘आरेपो नावाचा पेरणारा चाकं नेटानं धरतो’ इतपत अर्थ लागतो. अडतं ते आरेपोपाशी, कारण या चौकोनाबाहेर लॅटिनमध्ये तो भेटत नाही. फ्रेंच इतिहासकार कार्कोपिनो यांनी तो गॉल भाषेतून (प्राचीन फ्रान्सच्या भागातली भाषा) आणून नांगराशी जोडला. मला ती ओढाताण वाटते. ‘ओपेरा’ उलटवून जे हाती आलं, ते रचणाऱ्यानं माणसाचं नाव म्हणून खपवलं, झालं.

प्रतिसाद : पण याच 25 अक्षरांतून ‘पातेर नोस्तेर’ (‘आमच्या पित्या’, ख्रिस्ती प्रार्थनेची सुरुवात) दोनदा क्रुसासारखं मांडता येतं. मधला ‘न’ सामाईक, आणि उरतात दोन आ, दोन ओ, म्हणजे आल्फा आणि ओमेगा, ग्रीक वर्णमालेतली पहिली आणि शेवटची अक्षरं, बायबलमध्ये देवाची खूण. मग ही ख्रिस्ती खूणच नाही का?

उत्तर : मांडणी झकास आहे, पण तारीख आडवी येते. 1936 मध्ये हा चौकोन इटलीतल्या पोंपेई या प्राचीन शहरात, मोठ्या व्यायामशाळेच्या खांबावर कोरलेला सापडला. ते शहर इ.स. 79 मध्येच ज्वालामुखीच्या राखेखाली गेलं. आल्फा-ओमेगा ज्यात येतात ते बायबलमधलं शेवटचं पुस्तक ‘प्रकटीकरण’ बहुतेक अभ्यासक त्यानंतरचं, पहिल्या शतकाच्या अखेरचं मानतात. शिवाय तेव्हाचे ख्रिस्ती लोक प्रार्थनेला मुख्यतः ग्रीक वापरत. जुन्या नमुन्यांत तर सुरुवात ‘रोतास’नं होते, पेरणारा शेवटी येतो.

पुढे मात्र ख्रिस्ती लोकांनी तो खरोखरच आपलासा केला. मध्ययुगीन युरोपात बाळंतीण सुखरूप सुटावी म्हणून तो लिहून देत. इथिओपियात हे पाच शब्द क्रुसाच्या पाच खिळ्यांची नावं झाली : सादोर, अलादोर, दानेत, अदेरा, रोदास. उलटसुलट वाचायची सोय तिथे पार गेली, पण आरेपोला निदान काहीतरी अर्थ मिळाला.