आमदार झाल्यावर कारखान्याची खुर्ची सोडावी का?

शेळगीकर
आपल्या सोलापूर जिल्ह्यात विधानसभेच्या ११ जागा. ग्रामीण जागांवरची वाट ठरलेली: विकास सोसायटी, बाजार समिती, जिल्हा बँक, साखर कारखान्याचं अध्यक्षपद, मग विधानसभा. अलीकडे मधल्या पायऱ्या गाळून थेट खासगी कारखानदारीतून येणारेही आहेत. यावं त्यांनी. पण निकाल लागला की अध्यक्षपद सोडावं, एवढंच माझं म्हणणं. गाळप परवाना देणार साखर आयुक्त, एनसीडीसीच्या (राष्ट्रीय सहकारी विकास निगम) कर्जाला थकहमी देणार राज्य सरकार, एफआरपी (उसाचा ठरवून दिलेला किमान दर) थकली की वसुली जिल्हाधिकाऱ्यांकडे. सरकारकडे मागणारा आणि सरकारला जाब विचारणारा माणूस एकच झाला, तर जाब विचारायचा कोणी?

कायदा इथं कामाचा नाही. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१, कलम ९अ म्हणतं की राज्य सरकारशी माल पुरवायचा किंवा काम करायचा करार चालू असेल तोवर आमदार अपात्र. पण करार त्यानं स्वतः केलेला हवा. कंपनी कायद्यानं वेगळी व्यक्ती, म्हणून कंपनीचा करार त्याच्या अंगाला सहसा चिकटत नाही. काम पुरं झालं आणि फक्त बिल अडकलंय, तर करार चालू धरत नाहीत. कलम १० आणखी मजेशीर. सरकारचं २५ टक्के भांडवल असलेल्या कंपनीचा मॅनेजर किंवा सेक्रेटरी अपात्र, पण सहकारी संस्था त्यातून स्पष्ट वगळलेली. आपल्याकडे सरकारी भागभांडवल असतं कुठं? सहकारी कारखान्यातच की!

भीमाकाठ
अजिबात पटलं नाही. कारखाना चालवलेल्या माणसाला पैसा कुठं अडकतो ते कळतं. पंढरपूरजवळच्या गुरसाळ्याचा विठ्ठल कारखाना बंद पडला होता. २०२२ च्या निवडणुकीत सभासदांनी खासगी कारखानदारीतला माणूस निवडून दिला, गाळप सुरू झालं, आणि तेच अध्यक्ष २०२४ ला माढ्यातून आमदार झाले. लोकांनी कारखाना बघूनच मत दिलं. निवडून आल्यावर त्यांना म्हणायचं, आता कारखाना सोडा?

आणि खुर्ची सोडून होतं काय? भाऊ बसतो, नाहीतर मुलगा. सही बदलते, फोन तोच.

दुसरं, सभागृहात कारखान्याचा माणूस नसला की काय होतं तेही पाहा. जून २०२३ मध्ये सोलापुरातल्या सिद्धेश्वर साखर कारखान्याची सहवीजनिर्मितीची चिमणी विमानतळासाठी पाडली.

शेळगीकर
चिमणीचा वाद परवानगीचा होता, कोर्टापर्यंत गेला होता. आमदारकीच्या जोरावर तो थांबला असता म्हणता? मग तेच तर माझं दुखणं आहे.

पेठेतला हिशेबनीस
दोघंही तत्त्वाचं बोलताय, जरा आकडे घ्या. २०२५-२६ ची एफआरपी १०.२५ टक्के उताऱ्याला (उसातून निघणारी साखर) टनामागं ३,५५० रुपये. उतारा ९.५ किंवा त्याखाली असेल तर ३,२९०.५०. यातून तोडणी-वाहतूक वजा होते. हातात २,६०० येतात असं धरा. ५ लाख टन गाळप म्हणजे १३० कोटी. ऊस नियंत्रण आदेशाप्रमाणे १४ दिवसांत द्यायचे, नंतर १५ टक्के व्याज. महिनाभर उशीर झाला तर व्याजच १ कोटी ६२ लाखांच्या वर. हे व्याज मागितल्याशिवाय मिळत नाही, आणि अध्यक्षच आमदार असेल तर मागतो कोण, हा खरा मुद्दा.

आरआरसीचा, म्हणजे थकलेली एफआरपी महसुली थकबाकीसारखी वसूल करायच्या आदेशाचा, प्रवासही बघा. साखर आयुक्तांचा आदेश, मग जिल्हाधिकारी, मग तहसीलदार. तहसीलदार गोदामावर जातो तर साखर आधीच बँकेकडे तारण, कुलूप बँकेचं. उरलं काय, तर मोलॅसिस (मळी) आणि बगॅस (उसाचं चिपाड). पुढं जमीन-यंत्रावर बोजा चढवून लिलाव काढायचा, तर तालुक्याच्या आढावा बैठकीत तोच आमदार तहसीलदाराच्या समोर बसलेला. फाईल नाकारली जात नाही, नुसती पडून राहते.

जिल्हा बँकेचं संचालक मंडळ २०१८ ला जाऊन प्रशासक आला, त्याची मुळंही बड्या बिगरशेती कर्जांच्या थकबाकीतच. कर्ज मागणारे आणि मंजूर करणारे एकाच पंगतीचे.

पूर्व भाग, टॉवेलवाला
तुमचं सगळं ऊस-ऊस चाललंय. शहरात यंत्रमागवाला आमदार झाला तर तो कोणाची फाईल दाबणार? उलट फायदाच. विजेची सवलत २७ अश्वशक्तीच्या आत आणि वर वेगळी. हे माहीत नसलेला आमदार तारांकित प्रश्न टाकतो: ‘यंत्रमाग व्यवसाय अडचणीत आहे, हे खरे आहे काय?’ उत्तर येतं, ‘हे अंशतः खरे आहे.’ संपलं. माहीतगार विचारतो: २७ अश्वशक्तीवरच्या किती जोडण्यांची सवलत कोणत्या महिन्यापासून थांबली, त्यातल्या नोंदणीअभावी किती? मग खात्याला आकडा द्यावाच लागतो, आणि त्या आकड्यावर पुढं अर्धा तास चर्चा मागता येते.

शेळगीकर
माहिती असायला मालक असावं लागत नाही. गणपतराव देशमुख सांगोल्यातून ११ वेळा निवडून आले, धंदेवाईक नव्हते, तरी सूतगिरणी उभी केली.

भीमाकाठ
तुम्हीच माझी बाजू मांडली की! आमदार आणि सूतगिरणी एकत्र नांदली. अडचण कुठं आली?

शेळगीकर
संस्था उभी करणं वेगळं, तिच्या कर्जाला जामीन राहणं वेगळं. बरं, खुर्चीचा हट्ट सोडतो, भावा-मुलाचा मुद्दा मान्य. राज्यसभेत सदस्यांच्या हितसंबंधांची नोंदवही असते: संचालकपद, पगारी काम, नियंत्रण येईल एवढे शेअर, सल्लागारी. तशी आमदारांसाठी लोकांना बघता येईल अशी ठेवा, त्यात सहकारी संस्थांची पदं आणि वैयक्तिक हमी घाला. साखरेवर बोलताना आधी ‘मी अमुक कारखान्याचा अध्यक्ष’ एवढं सांगून उठायचं.

पेठेतला हिशेबनीस
तोवर नमुना २६ वाचा. उमेदवाराचं शपथपत्र आयोगाच्या साइटवर असतं. आधी पाच वर्षांच्या उत्पन्नाचा तक्ता, मग शेअर, मग देणी. नंतर सरकारशी असलेल्या करारांचा रकाना. स्वतःचा, जोडीदाराचा, अवलंबितांचा, आणि ज्या भागीदारी किंवा खासगी कंपनीत वाटा आहे तिचाही. मागच्या निवडणुकीचं शपथपत्र शेजारी ठेवा. शेअर गायब आणि त्याच कंपनीला दिलेलं कर्ज मात्र वाढलेलं दिसलं, तर मालकी कुठं सरकली ते शोधा. सज्ञान, कमावता मुलगा अवलंबितात येत नाही, गळती तिथंच. खोटी माहिती दिली तर लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम १२५अ खाली सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड, पण तक्रार कोर्टात चालवावी लागते.

भीमाकाठ
नोंदवहीला माझी ना नाही. फक्त वैयक्तिक हमी छापून आली की अध्यक्षाला पुढचं कर्ज मिळायचं अवघड, आणि हंगामाच्या तोंडावर तोडणी टोळ्यांची उचल (आगाऊ रक्कम) अडकली तर सभासद नोंदवही बघणार नाहीत, फडातला ऊस बघतील.